सोवळ्याची चूल, मोडलेला संसार आणि पुन्हा जुळलेली पंगत

१/ मराठीत घर फुटले की आपण ‘वेगळी चूल मांडली’ असे म्हणतो. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस एका जोडप्याने मात्र पुन्हा एकत्र येण्यासाठी वेगळी चूल मांडली. लक्ष्मीबाई आणि रेव्हरंड नारायण वामन टिळक यांच्या संसाराची ही कथा. ती जितकी प्रेमाची, तितकीच स्वयंपाकघराची आहे. #धागा

२/ आधी त्या काळचे स्वयंपाकघर समजून घेऊ. ब्राह्मण घरात स्वयंपाक सोवळ्यात होई. पाण्यात शिजलेले अन्न लगेच ‘खरकटे’ ठरे आणि त्याला विटाळ फार लवकर होई. म्हणून प्रवासात दुधात भिजवलेल्या कणकेच्या दशम्या नेत. परक्याकडून घ्यायचा तो कोरडा शिधा. शिजवलेला भात नव्हे. कोण कोणाच्या हातचे पाणी पितो, यावरून समाजाचा नकाशा काढता येत असे.

३/ लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ चा, नाशिकजवळच्या जलालपूरचा. त्यांच्या आईच्या वडिलांना १८५७ च्या उठावाच्या संदर्भात फाशी झाली. त्या धक्क्यानंतर लक्ष्मीबाईंच्या वडिलांचे सोवळे विकोपाला गेले. बाजारातून आलेले जिन्नस, अगदी मीठसुद्धा, धुऊन घेतले जाई. ‘स्मृतिचित्रे’त लक्ष्मीबाई हे हसत-हसत सांगतात, पण त्या हसण्यामागे एका घाबरलेल्या घराचे चित्र आहे. जग हाताबाहेर गेले की माणूस निदान आपले ताट तरी ताब्यात ठेवू पाहतो.

४/ हे वेड एका घरापुरते नव्हते. ऑक्टोबर १८९० मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये काही प्रतिष्ठित मंडळींपुढे चहा ठेवला गेला. गोपाळराव जोशी यांनी उपस्थितांची नावे वृत्तपत्रातून जाहीर केली आणि ग्रामण्य उभे राहिले. न्यायमूर्ती रानड्यांसारख्या माणसालाही अखेर प्रायश्चित्त घ्यावे लागले. एका पेल्याची ही किंमत, तर धर्मांतराची किती असेल?

५/ ती किंमत लवकरच दिसली. १० फेब्रुवारी १८९५ रोजी टिळकांनी मुंबईत ख्रिस्ती धर्माची दीक्षा घेतली. अकराव्या वर्षी लग्न होऊन आलेल्या लक्ष्मीबाईंच्या पदरात तेव्हा लहानगा दत्तू होता. नवरा जिवंत, पण त्याच्या हातचे पाणी चालत नाही, त्याच्या शेजारी पान मांडता येत नाही. ना सवाष्णपणाचे सुख, ना वैधव्याची निश्चिती, अशी ही अवस्था होती. नातेवाइकांनी त्यांना पंढरपुरात ठेवून घेतले.

६/ येथे कायद्याचीही एक बाजू आहे. १८६६ च्या एकविसाव्या कायद्यानुसार, धर्मांतरामुळे जोडीदाराने सलग सहा महिने सोडून दिल्यास ख्रिस्ती झालेल्या व्यक्तीला न्यायालयात जाऊन विवाह संपवण्याचा मार्ग खुला होता. म्हणजे सरकारी दृष्टीने हा संसार मोडणे अशक्य नव्हते. टिळकांनी ती वाट धरली नाही. लक्ष्मीबाईंनीही मनातून त्यांना सोडले नव्हते. याच दुःखाच्या काळात त्या कविता रचू लागल्या.

७/ ताटातुटीच्या काही वर्षांनंतर दोघे पुन्हा एकत्र आले, ते एका तडजोडीवर. नवरा ख्रिस्ती, बायको सोवळ्याची हिंदू. तिचा स्वयंपाक वेगळा, पाणी वेगळे. अहमदनगरच्या मिशनच्या वस्तीत, जेथे सर्व जातींतून आलेली माणसे राहत, तेथे ही सोवळ्याची चूल पेटत राहिली. ही तडजोड मला फार महत्त्वाची वाटते. ‘माझ्यासारखी हो, मग ये’ असे दोघांपैकी कोणीही म्हणाले नाही.

८/ पुढे जे घडले त्याचा क्रम नीट पाहा. सर्वसाधारण समज असा, की पतीमागोमाग पत्नीही ख्रिस्ती झाली आणि मग सोवळे सुटले. प्रत्यक्षात आधी सुटले ते सोवळे. जातिभेद देवाने केलेला नाही, तो माणसाने केला आहे, या निष्कर्षाला लक्ष्मीबाई स्वतः विचार करून पोहोचल्या. यापुढे कोणाच्याही हातचे खायचे-प्यायचे, असा त्यांनी निश्चय केला. बाप्तिस्मा त्यानंतरचा, १९०० मधला. त्यांच्या आयुष्यातली मोठी क्रांती आधी स्वयंपाकघरात झाली.

९/ पुढे या घरात पोरकी मुले आली, वाढली, जेवली. जेथे मीठ धुतले जाई अशा घरातून आलेल्या बाईच्या पंगतीला जातीची विचारपूस उरली नाही. मोडलेले प्रेम पुन्हा जुळले, पण ते जुन्या ठिकाणी परतले नाही. आता त्या घरात कितीतरी अधिक ताटे मांडली जात होती.

१०/ एक सावधगिरी आवश्यक आहे. सोवळे सोडणे हा लक्ष्मीबाईंचा धाडसी निर्णय होता. परंतु ज्यांना त्या सोवळ्याने पाणवठ्यावरून हाकलले, त्यांना असा निर्णय घेण्याची मुभाच नव्हती. त्यांना आपला हक्क मिळवण्यासाठी २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली महाडच्या चवदार तळ्यावर जावे लागले. खाद्यपरंपरेचा वारसा सांगताना दशमीची चव सांगावी, तशीच ती दशमी कोणापासून जपली जात होती हेही सांगावे.

११/ टिळक १९१९ मध्ये गेले. त्यांचे अपूर्ण राहिलेले ‘ख्रिस्तायन’ लक्ष्मीबाईंनी पुढे नेले. ज्यांचे शालेय शिक्षण जवळजवळ नव्हतेच, त्या बाईंनी ‘स्मृतिचित्रे’ लिहून मराठी आत्मचरित्राचा मानदंड घडवला. १९३६ मध्ये त्यांचे निधन झाले. त्यांच्या पुस्तकात पतीविषयी तक्रारी भरपूर आहेत, त्याच्या लहरींची थट्टा आहे, आणि तरीही कटुता नाही.

१२/ स्थानिक इतिहास केवळ किल्ल्यांत आणि ताम्रपटांत नसतो. तो फळीवरच्या लोणच्याच्या बरणीत, वेगळ्या ठेवलेल्या कपात, ‘त्यांच्याकडे आपण जेवत नाही’ या वाक्यातही असतो. आपल्या आजी-पणजीला एकदा विचारा: घरात कोणाचा पेला वेगळा होता, आणि तो कधी, कोणी, कशामुळे एकत्र ठेवला? उत्तर मिळाले तर येथे जरूर लिहा. ती पिढी गेली की हे दस्तऐवजही जातील.

धागा समाप्त.