पेठेचा धनी कोण?

बेंगळुरूच्या जुन्या शहरातला ‘पेटे’ हा शब्द पुणेकराला घरचाच वाटतो, पण नावांची तऱ्हा निराळी. अक्किपेठ तांदळाची, बळेपेठ बांगड्यांची, अरळेपेठ कापसाची, गाणिगरपेठ तेल्यांची. पुण्याच्या पेठांना नावे सत्तेने दिली आणि सत्तेबरोबर ती फिरलीही; औरंगजेबाने १७०३ मध्ये वसवलेले मुहियाबाद पुढे बुधवार पेठ झाले. बेंगळुरूत मालाची आणि जातींची नावे टिकली. याचे कारण मला असे दिसते, की इथे आलेल्या प्रत्येक राज्यकर्त्याला पेठ चालू स्थितीतच हवी होती.

पहिला केम्पेगौडा याने १५३७ मध्ये शहर वसवताना दोड्डपेठ आणि चिक्कपेठ जिथे छेदतात तिथून चार दिशांना नांगर धरले, अशी परंपरा आहे. ती दंतकथा मानली तरी रस्त्यांची फुली आजही जागेवर आहे. विजापूरच्या रणदुल्लाखानाने १६३८ मध्ये शहर घेतले आणि ते शहाजीराजांच्या जहागिरीत आले. १६८७ मध्ये मोगलांनी ते व्यंकोजीराजांकडून जिंकले आणि लगेच म्हैसूरच्या चिक्कदेवराज वोडेयराला तीन लाख रुपयांना दिले. ओसाड तटबंदीला एवढी रक्कम कोण मोजेल? किंमत होती ती बाजाराच्या उत्पन्नाची. शहाजीराजांचा वाडा आज दिसत नाही, म्हणून मराठी अंमल पुसला गेला असे हळहळणाऱ्यांनी मल्लेश्वरमचे काडु मल्लेश्वर मंदिर पाहावे. व्यंकोजीराजांच्या गावदानाचा १६६९ चा तिथला शिलालेख कन्नडमध्ये आहे. चालत्या गावावर राज्य करायचे तर गावाच्या भाषेत लिहावे लागते, हे त्या अंमलाला कळत होते.

यावर कोणी म्हणेल, की राज्यकर्त्यांनी पेठेवर ठसा उमटवलाच: चिक्कदेवराजाने विणकर आणून वसवले, कब्बनपेठेला इंग्रज कमिशनरचे नाव मिळाले, खुद्द दोड्डपेठ ॲव्हेन्यू रोड झाली. खरे आहे. पण विणकर आले तेही बाजाराची वीण वाढवायला, मोडायला नव्हे. आणि दोड्डपेठेची पाटी बदलली तरी धंदा चालूच राहिला. रस्त्याच्या उत्तर टोकाजवळ १८५८ चे सेंट्रल कॉलेज, पुढे १९६४ मध्ये बेंगळुरू विद्यापीठ. तेव्हा जुन्या पुस्तकांनाही इथे गिऱ्हाईक मिळाले. माल बदलतो, मालक बदलतो. देवघेव थांबत नाही, म्हणून पेठ उरते.