भोसले, वामन
भोसले, वामन (१९ फेब्रुवारी १९३२–२६ एप्रिल २०२१). हिंदी चित्रपटांचे ज्येष्ठ संकलक. जन्म गोव्यातील पोंबुर्फा येथे. १९५२ मध्ये ते मुंबईला आले. बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले आणि पुढे बरीच वर्षे फिल्मिस्तानमध्ये साहाय्यक होते. राज खोसला यांच्या ‘दो रास्ते’ने (१९६९) त्यांना स्वतंत्र संकलक म्हणून नाव दिले.

गुरुदत्त शिराली या सहकाऱ्याबरोबरची त्यांची जोडी दीर्घकाळ टिकली. गुलजारांच्या ‘मेरे अपने’, ‘कोशिश’, ‘आँधी’ व ‘मौसम’चे संकलन त्यांचेच. एकही गाणे नसलेल्या ‘अचानक’मध्ये (१९७३) कथा वर्तमानातून भूतकाळात सतत ये-जा करते, तो तोल सांभाळणे सोपे नव्हते. तेव्हा फिल्म प्रत्यक्ष कापावी लागे: मूव्हिओला या संकलनयंत्रावर दृश्य थांबवायचे, पेन्सिलने खूण करायची, तुकडे जोडायचे आणि पुन्हा पाहायचे.

‘इन्कार’साठी (१९७७) त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. जपानी दिग्दर्शक कुरोसावांच्या ‘हाय अँड लो’वर बेतलेला हा अपहरणपट, श्रीराम लागू त्यात उद्योगपती होते. प्रेक्षकांच्या लक्षात मात्र त्यातले ‘मुंगळा’ हे गाणे राहिले! सुभाष घईंबरोबर त्यांनी ‘कालीचरण’पासून ‘खलनायक’पर्यंत काम केले, ‘सौदागर’साठी फिल्मफेअर पुरस्कारही मिळाला. गुलजारांचा संयम आणि घईंचा धडाका एकाच टेबलावर हाताळणारा दुसरा संकलक चटकन आठवत नाही. ‘गुलाम’ (१९९८) हा उत्तरकाळातील उल्लेखनीय चित्रपट. मुंबईत त्यांचे निधन झाले.