टोरेंट फाइलींची देवाणघेवाण व पडताळणी : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

प्रस्तावना : भारतात १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमाने इंटरनेट सर्वसामान्यांसाठी खुले केले. पुढील दोन दशकांत फाइलींच्या देवाणघेवाणीचा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयापर्यंत पोहोचला. तंत्रज्ञान व न्यायव्यवस्था या दोहोंनी पडताळणीला दिलेल्या स्थानाचा आढावा प्रस्तुत लेखात घेतला आहे.

विकासक्रम : १९९९ मध्ये अमेरिकेत सुरू झालेली नॅपस्टर ही सेवा मध्यवर्ती सूचीवर अवलंबून होती. त्यामुळे न्यायालयीन आदेशानंतर २००१ मध्ये ती बंद पडली. त्याच वर्षी ब्रॅम कोहेन यांनी बिटटोरेंट ही पद्धती आणली. तीत मोठ्या फाइलीचे लहान तुकडे केले जातात आणि प्रत्येक संगणक एकाच वेळी घेणारा व देणारा ठरतो.

पडताळणी : टोरेंट फाइलीत मूळ मजकूर नसून प्रत्येक तुकड्याची गणिती ओळखखूण, म्हणजे हॅश, असते. हॅश न जुळणारा तुकडा संगणक नाकारतो. मात्र त्यातून फाइल जशी ठेवली तशीच आली, एवढेच सिद्ध होते. ती निर्धोक असल्याचे नव्हे. फेब्रुवारी २०१६ मध्ये लिनक्स मिंटच्या संकेतस्थळात घुसखोरी होऊन दूषित प्रतीचा दुवा लावला गेला. टोरेंटद्वारे प्रत घेणारे त्यातून बचावले. उलट, मार्च २०१६ मध्ये ट्रान्समिशन या टोरेंट सॉफ्टवेअरच्या अधिकृत प्रतीतच खंडणीखोर विषाणू आढळला. म्हणूनच मूळ प्रकाशकाने जाहीर केलेला हॅश ताडणे, चित्रपट वा पुस्तकाच्या नावाखाली ‘ईएक्सई’ फाइल आली नाही ना हे पाहणे आणि उघडण्यापूर्वी विषाणू-तपासणी करणे आवश्यक ठरते.

न्यायालयीन भूमिका : जुलै २०१६ मध्ये ‘ढिशूम’ या चित्रपटाच्या प्रकरणात न्या. गौतम पटेल यांनी संकेतस्थळे सरसकट बंद करण्यास नकार दिला. एखाद्या संकेतस्थळावरील सर्वच मजकूर बेकायदेशीर असल्याचे दाखविल्याशिवाय ते पूर्णतः रोखता येणार नाही. इतर बाबतीत तपासलेले विशिष्ट दुवेच रोखावेत, अशी ही भूमिका होती.

समारोप : याच उच्च न्यायालयाचे खंडपीठ छत्रपती संभाजीनगर येथे आहे. उबुंटू, डेबियन यांसारख्या मुक्त प्रणाली अधिकृतपणे टोरेंटद्वारेही मिळतात व मर्यादित निधी असलेल्या महाविद्यालयांना त्या उपयुक्त आहेत. सरसकट बंदीने महाविद्यालये या वैध मार्गालाही मुकतील. त्याऐवजी फाइलीचा स्रोत, हॅश व परवाना तपासण्याचे शिक्षण संगणक प्रयोगशाळेतच देणे अधिक इष्ट होय.