चू शीचे भाष्य आणि परीक्षेचे उत्तर

कोल्हापुरात मी पुष्कळ वर्षे मराठी शिकविले. एके दिवशी वर्गात ज्ञानेश्वरीतील ओव्या चालल्या होत्या. मी अर्थ सांगत होतो, मुले उतरवून घेत होती. इतक्यात मागच्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, "सर, माझी आजी दरवर्षी वारीला जाते. ती या ओवीचा अर्थ निराळा सांगते." परीक्षा तोंडावर आली होती. मी म्हणालो, "आजीचा अर्थ घरी ठेव. पेपरात हाच लिहायचा." वर्ग हसला. मुलगी खाली बसली, आणि पुढे वर्षभर तिने एकही प्रश्न विचारला नाही.

ही गोष्ट मी विसरूनही गेलो असतो. परंतु निवृत्तीनंतर करवीर नगर वाचन मंदिरात जाऊन मी चीनच्या इतिहासावरची पुस्तके वाचू लागलो, आणि तेथे मला चू शी भेटला.

चीन म्हटले की आपल्याला कन्फ्यूशियस आठवतो. घर कसे राखावे, राज्य कसे चालवावे, वडीलधाऱ्यांशी कसे वागावे, हे त्याने सांगितले. पण पुढे भारतातून बौद्ध धर्म तिकडे गेला आणि लोक निराळेच प्रश्न विचारू लागले. हे जग कशाचे झाले? मन निवते कसे? या प्रश्नांची उत्तरे घ्यायला चांगले चांगले विद्वान बौद्ध विहारांची पायरी चढू लागले. सुंग राजवटीत, म्हणजे ९६० ते १२७९ या काळात, काही पंडितांना ही गोष्ट लागली. चौ तुन-यी, छेंग हाउ आणि त्याचा धाकटा भाऊ छेंग यी हे त्यांतले प्रमुख. ते म्हणाले, उत्तरे आपल्याच जुन्या ग्रंथांत आहेत. ते पुन्हा नीट वाचले पाहिजेत. गंमत अशी, की बौद्धांचे खंडन करता करता त्यांनी बौद्धांपासूनच पुष्कळ घेतले. या मताला पुढे पाश्चात्त्यांनी नव-कन्फ्यूशियस मत असे नाव दिले.

या साऱ्या विचाराची घडी बसविली ती चू शीने. त्याचा काळ ११३० ते १२००. त्याचे म्हणणे थोडक्यात असे : प्रत्येक वस्तूत एक तत्त्व आहे, ते 'ली', आणि ज्या द्रव्याने ती वस्तू घडते ते 'छी'. माणसाच्या ठायीचे तत्त्व मुळात चांगलेच असते, पण गढूळ पाण्यातला मोती दिसू नये तसे ते द्रव्यामुळे झाकले जाते. पावसाळ्यातली पंचगंगा ज्याने पाहिली आहे, त्याला हा दृष्टांत समजावून सांगायला नको. पाणी निवळायचे तर वस्तूंचा आणि ग्रंथांचा कसून अभ्यास करावा, एकेक तत्त्व शोधीत जावे.

त्यासाठी त्याने चार ग्रंथ निवडले : कन्फ्यूशियसची वचने, मेन्शियस, 'महाविद्या' आणि 'मध्यममार्ग'. त्यांवर त्याने भाष्ये लिहिली आणि ११९० साली ते चारही एकत्र छापले. बरोबर शंभर वर्षांनी, १२९० साली, आपल्याकडे ज्ञानेश्वरी सिद्ध झाली. जुना ग्रंथ आपल्या काळाशी बोलता करावा, ही ओढ दोन्हीकडे सारखीच. चू शी नुसता पोथीपंडितही नव्हता. दुष्काळात गावकऱ्यांना उसने धान्य मिळावे म्हणून त्याने गावाचे कोठार उभे केले, आणि ओस पडलेले एक जुने विद्यापीठ पुन्हा वसविले. शिष्यांना तो सांगे, की वाचताना शंका आली पाहिजे.

दरबाराला मात्र तो मानवला नाही. त्याच्या शिकवणुकीला 'खोटी विद्या' ठरवून तिच्यावर बंदी घातली गेली, आणि त्या बदनामीतच तो वारला. पण दैवाचा खेळ पाहा. १३१३ साली, मंगोल बादशहाच्या अमदानीत, हुकूम निघाला की सरकारी परीक्षेत या चार ग्रंथांचा अर्थ चू शीच्या भाष्याप्रमाणेच लिहावा. मधले थोडे खंड सोडले तर ही पद्धत १९०५ साली परीक्षाच बंद होईपर्यंत चालली. ज्याने शंका घ्यायला शिकविले, त्याचेच पुस्तक जवळजवळ सहाशे वर्षे पाठ करण्याचे उत्तर होऊन बसले!

याचा जाच पोथीपुरता राहिला नाही. विधवेने उपाशी मरावे पण पुनर्विवाह करू नये, अशा अर्थाचे छेंग यीचे एक कठोर मत चू शीने आपल्या संग्रहात घेतले होते. पुढे असंख्य स्त्रियांच्या गळ्यात ते धोंड्यासारखे पडले. आमच्या कोल्हापूर संस्थानात शाहू महाराजांनी १९१७ साली विधवांच्या पुनर्विवाहाला कायद्याचा आधार दिला. तेव्हा त्यांच्यासमोरही वचनांची अशीच भिंत उभी होती.

चीनमध्ये ही भिंत आतूनच हलली. वांग यांगमिंग (१४७२–१५२९) तरुणपणी चू शीचा भक्त होता. वस्तूतले तत्त्व शोधायचे म्हणून तो बांबूंसमोर सात दिवस बसला आणि आजारी पडला. तत्त्व काही सापडले नाही. पुढे दरबारातल्या एका बलाढ्य अधिकाऱ्याविरुद्ध बोलल्याबद्दल त्याला फटके मारून दूरच्या डोंगराळ मुलखात धाडले. तेथे १५०८ साली त्याला उमगले, की बरेवाईट ओळखण्याची जाण प्रत्येकाच्या मनात उपजतच आहे, आणि जे कृतीत उतरत नाही ते खरे ज्ञानच नव्हे. मिठागरात वाढलेला वांग गेन त्याचा शिष्य झाला आणि शेतकऱ्या-मजुरांनाही शिकवू लागला. त्या परंपरेतल्या काहींनी पुढे मनाचा कौल म्हणून स्वैरपणाही केला, हेही सांगितले पाहिजे. तेव्हा अभ्यास हवाच. पण अभ्यास करणाऱ्याच्या मनात उजेड पडतो की नाही, हे पाहायचे कोणी?

भाष्य हे ग्रंथाचे दार असते. ते उघडण्यासाठी चू शीने आयुष्य वेचले. परीक्षेने त्याच्या भाष्याचेच कुलूप केले. हे वाचून मी पुस्तक मिटले तेव्हा मला चीनचा बादशहा आठवला नाही, मागच्या बाकावरची ती मुलगी आठवली. त्या दिवशी माझ्या वर्गात मीच एक लहानसा हुकूम काढला होता. आता ती कोठे आहे, मला ठाऊक नाही. पण यंदाच्या दिवाळीत कोणाच्या घरी फराळाला जमल्यावर एखादी आजी ओवीचा अर्थ सांगू लागली, तर मी तो शेवटपर्यंत ऐकणार आहे. त्या आजीने सांगितलेला अर्थ काय होता, हे विचारायचे माझे राहूनच गेले.