दामले, विष्णुपंत गोविंद
(१८९२–१९४५). चित्रकार, छायालेखक, ध्वनिलेखक, दिग्दर्शक आणि प्रभात फिल्म कंपनीचे एक संस्थापक. जन्म पेण येथे.

कोल्हापुरात आनंदराव पेंटर यांच्या हाताखाली ते नाटकांचे पडदे रंगवायला शिकले. आनंदराव स्वदेशी चित्रपट-कॅमेरा घडवण्याच्या खटपटीत होते, पण १९१६ मध्ये त्यांचे निधन झाले. बाबूराव पेंटर आणि दामले यांनी ते काम तडीस नेले. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ हा मूकपट १९२० मध्ये पडद्यावर आला. त्या काळच्या कॅमेऱ्याची दांडी हाताने फिरवावी लागे. हात मंदावला की पडद्यावरची माणसे धावू लागत. यंत्राची चाल अशी हाताने जोखण्यात दामल्यांची उमेदीची वर्षे गेली. याच कंपनीत सहकारी फत्तेलाल यांच्यासह त्यांनी ‘महारथी कर्ण’ (१९२८) दिग्दर्शित केला.

१ जून १९२९ रोजी व्ही. शांताराम, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी कोल्हापुरात ‘प्रभात’ स्थापन केली. बोलपट आल्यावर ध्वनीची जबाबदारी दामल्यांकडे आली. रंग, भिंग आणि यंत्र यांत मुरलेल्या माणसाने चाळिशीच्या उंबरठ्यावर नवी विद्या शिकायला घ्यावी, ही त्यांच्या चरित्रातील सर्वांत मोलाची गोष्ट. ध्वनिलेखनही शेवटी प्रकाशाचेच काम होते. आवाजाचे विजेच्या लहरींत रूपांतर होई, त्या लहरींनी प्रकाश कमीजास्त होई आणि त्याचा माग फिल्मवर उमटे. फिल्मची गती किंचित डळमळली तरी सूर हले. त्यामुळे कॅमेऱ्यावर कमावलेली समज इथेही कामी येण्याजोगी होती. ‘अयोध्येचा राजा’च्या (१९३२) वेळी पार्श्वगायनाची सोय नव्हती. दुर्गाबाई खोटे आणि गोविंदराव टेंबे यांचे गाणे अभिनयासोबतच टिपावे लागले. मायक्रोफोन आणि वादक चौकटीबाहेर ठेवूनही प्रत्येकाचा आवाज ध्वनिलेखनात नीट यायला हवा होता.

१९३३ मध्ये कंपनी पुण्याला आली. दामले-फत्तेलाल जोडीचा ‘संत तुकाराम’ (१९३६) मुंबईत ५७ आठवडे चालला आणि १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात गौरवला गेला. छायालेखन व्ही. अवधूत यांचे होते. त्यात तुकारामांची भूमिका करणाऱ्या विष्णुपंत पागनीस यांचा अभंग रंगमंचावरून फेकलेला वाटत नाही. माणूस आपल्याच तंद्रीत गुणगुणत असल्यासारखा तो कानावर येतो. तुकारामांची पत्नी जिजाई हिची कुरकुर, म्हैस, घरातली चणचण यांनाही तितकाच अवकाश मिळाला आहे. कान तयार असलेल्या दिग्दर्शकालाच हा संयम सुचतो. त्यानंतर या जोडीने ‘गोपाळकृष्ण’ (१९३८) केला. ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) हाही त्यांचाच.

शांताराम १९४२ मध्ये ‘प्रभात’ सोडून गेले. तीन वर्षांनी दामल्यांचे निधन झाले. पुण्यातील ‘प्रभात’च्या जागेवर १९६० मध्ये सरकारी फिल्म संस्था सुरू झाली, आणि छायालेखन व ध्वनिलेखन हे तिथे स्वतंत्र अभ्यासक्रम म्हणून शिकवले जाऊ लागले.