बाजार फी : कर की सेवेचे मोल?

अकोला : जठारपेठेतील किराणा दुकानात तूरडाळीचा भाव विचारणाऱ्या ग्राहकास बाजार फी हा शब्द क्वचितच ऐकू येतो. मात्र शेतमालाच्या पहिल्या खरेदीवर आकारली जाणारी ही रक्कम अनेक दशकांपासून न्यायालयीन वादाचा विषय ठरली आहे.

कायद्याचा उगम वऱ्हाडात

बाजार नियमनाचा देशातील प्रारंभ वऱ्हाडातच झाला. कारंजा (लाड) येथील कापूस बाजार १८८६ मध्ये नियमनाखाली आला. हे गाव १९९८ पर्यंत अकोला जिल्ह्यात होते. आता ते वाशीम जिल्ह्यात आहे. त्यानंतर १८९७ मध्ये वऱ्हाडासाठी कापूस व धान्य बाजाराचा स्वतंत्र कायदा करण्यात आला. खोटी वजने, मनमानी कपात आणि रुमालाखाली ठरणारे भाव यांपासून शेतकऱ्याचे रक्षण करणे, हा बाजार नियमनामागील मुख्य विचार होय. सध्या राज्यात १९६३ चा कृषि उत्पन्न पणन कायदा लागू आहे. त्यातील कलम ३१ अन्वये बाजार समितीस फी आकारण्याचा अधिकार असून, ती खरेदीदाराने भरावयाची असते. शेतकऱ्याच्या पट्टीतून ती कापता येत नाही.

वादाचे मुद्दे

पहिला प्रश्न व्यवसाय स्वातंत्र्याचा होता. विशिष्ट आवारातच, परवाना घेऊनच व्यापार करण्याची सक्ती घटनेशी विसंगत असल्याचा व्यापाऱ्यांचा आक्षेप होता. मद्रासच्या कायद्यासंबंधी १९५९ मध्ये दिलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने असे नियमन हे शेतकऱ्यांच्या हिताचे वाजवी बंधन असल्याचे मान्य केले.

दुसरा प्रश्न फीच्या स्वरूपाचा. कराच्या बदल्यात विशिष्ट सेवा देण्याचे बंधन नसते, फीच्या बाबतीत मात्र ते असते. पंजाबातील केवल कृष्ण पुरी खटल्यात १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शंभर रुपयांमागे दोन रुपयांवरून तीन रुपये केलेली वाढ रद्द ठरविली. समितीच्या निधीतून वैद्यकीय महाविद्यालयास देणगी देण्याचा प्रकारही या खटल्यात पुढे आला होता. फीचा मोठा हिस्सा बाजारातील सेवांवरच खर्च व्हावा, असे न्यायालयाने स्पष्ट केले. पुढे १९८३ मध्ये आंध्र प्रदेशातील खटल्यात हा निकष काहीसा सैल झाला. फी आणि सेवा यांचा पैशापैशाचा हिशेब जुळण्याची गरज नाही, दोहोंत व्यापक संबंध असला तरी पुरे, असे मत मांडले गेले.

तिसरा प्रश्न अधिकारक्षेत्राचा. उसासाठी स्वतंत्र कायदा असताना त्यावर बाजार फी लावता येणार नाही, असा निर्वाळा बिहारमधील बेलसंड शुगर खटल्यात १९९९ मध्ये मिळाला. उलट तंबाखूच्या बाबतीत, केंद्राचा तंबाखू मंडळ कायदा असूनही राज्याचा फी आकारण्याचा अधिकार २००२ मध्ये घटनापीठाने बहुमताने कायम ठेवला.

आवाराबाहेरचा व्यापार

महाराष्ट्रात २०१६ मध्ये आवाराबाहेरील फळे व भाजीपाल्याचा व्यापार नियमनमुक्त करण्यात आला. केंद्राच्या २०२० च्या कायद्याने आवाराबाहेरील सर्वच शेतमालाच्या व्यवहारांवरील फी काढून टाकली होती. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये त्यास स्थगिती दिली आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये संसदेने तो कायदाच मागे घेतला.

वऱ्हाडातील जिनिंग कारखाने व डाळ मिलांच्या दृष्टीने हा तात्त्विक वाद नव्हे. एक टक्का फी धरली तरी लाख रुपयांच्या मालामागे हजार रुपये होतात. मिलवर थेट उतरलेल्या मालास समितीने कोणती सेवा दिली, असा व्यापाऱ्यांचा सवाल असतो. फी बुडाली तर शेड, वजनकाटे आणि लिलावाची व्यवस्था कोणाच्या बळावर चालणार, असे समित्यांचे उत्तर असते. अकोल्यातील असे वाद उच्च न्यायालयात गेल्यास ते नागपूर खंडपीठापुढे येतात. मोंढ्यात माल आणणाऱ्या शेतकऱ्यास मात्र योग्य वजन, उघड लिलाव आणि वेळेवर चुकारा, एवढेच हवे असते. फीचे समर्थनही अखेर याच कसोटीवर टिकते.