ग्वेनाएल : एका फ्रेंच नावाची ब्रेतॉन कुळकथा

फ्रान्समध्ये मुलांच्या नावांची जी छोटी पुस्तके मिळतात, त्यांत ‘ग्वेनाएल’ या मुलीच्या नावापुढे कधी ‘शुभ्र देवदूत’ असा अर्थ दिलेला असतो, तर कधी ‘शुभ्र आणि उदार’ असा. नावाचे मूळ मात्र सगळीकडे एकाच शब्दात सांगून टाकलेले असते : ‘केल्टिक’. फ्रेंच भाषेच्या अभ्यासात हे नाव माझ्यासमोर वारंवार येत गेले आणि दर वेळी दोन प्रश्न उभे राहिले. एकाच नावाला देवदूत आणि औदार्य असे दोन अर्थ चिकटले कसे? आणि ‘केल्टिक’ म्हणजे नेमके कुठले? या प्रश्नांचा मागोवा घेताना लक्षात आले, की या नावाचा इतिहास कोशात जेवढा सापडतो, तेवढाच तो फ्रान्सच्या जन्मनोंदणीच्या दफ्तरातही दडलेला आहे.

आधी ‘केल्टिक’चा निकाल लावू. फ्रान्स म्हटले की प्राचीन गॉल लोक आठवतात. ज्युलियस सीझरने इसवी सनपूर्व पहिल्या शतकात ज्यांना जिंकले, ते हे लोक केल्टिक भाषा बोलत. तेव्हा आजच्या फ्रेंच नावातला केल्टिक अंश त्यांच्याकडूनच आला असावा, असा कुणाचाही समज व्हावा. ग्वेनाएलच्या बाबतीत तसे नाही. रोमन राजवटीत गॉलची भाषा हळूहळू मावळली आणि तिची जागा लॅटिनने घेतली; त्या लॅटिनमधूनच पुढे फ्रेंच घडली. ग्वेनाएल ज्या भाषेतले आहे ती ब्रेतॉन भाषा समुद्रापलीकडून आली. पाचव्या-सहाव्या शतकांत ब्रिटन बेटाच्या नैर्ऋत्य भागातून आणि वेल्समधून लोक गटागटाने खाडी ओलांडून आले आणि आज ज्याला ब्रिटनी म्हणतात त्या द्वीपकल्पावर वसले. त्यांच्याबरोबर त्यांची भाषा आली, साधुसंत आले आणि नावेही आली. त्यामुळे ब्रेतॉनची सख्खी भावंडे म्हणजे वेल्श आणि कॉर्निश. पॅरिसच्या फ्रेंचशी तिचे नाते शेजाराचे, आणि पुढे राज्यकर्तीचे.

या नावाचे दोन भाग पडतात. पहिला ‘ग्वेन्न’. आजच्या ब्रेतॉनमध्ये हा रोजच्या वापरातला शब्द आहे. पांढऱ्या वाइनला तिथे ‘ग्विन ग्वेन्न’ म्हणतात आणि ब्रिटनीच्या, १९२३ साली तयार झालेल्या, काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या ध्वजाचे नावच ‘ग्वेन्न-हा-दू’, म्हणजे पांढरा-काळा, असे आहे. या शब्दाचे जुने केल्टिक रूप अभ्यासक ‘विंदोस्’ असे मांडतात. हा शब्द एके काळी युरोपभर पसरलेला होता. व्हिएन्नाचे रोमनकालीन नाव ‘विंदोबोना’, स्वित्झर्लंडमधल्या विंडिश गावाचे ‘विंदोनिसा’ आणि उत्तर इंग्लंडमधल्या एका रोमन ठाण्याचे ‘विंदोलांडा’. पुढे वेगवेगळ्या केल्टिक भाषांत त्याचे उच्चार पालटले. आयर्लंडमध्ये सुरुवातीच्या ‘व’चा ‘फ’ होऊन ‘फिओन्न’ झाले. आयरिश दंतकथांतला वीर फिओन्न मॅककूल तो हाच. वेल्श आणि ब्रेतॉनमध्ये ‘व’चा ‘ग्व’ झाला आणि शेवटच्या ‘न्द’चा ‘न्न’. लॅटिन ‘विनुम्’चे ब्रेतॉनमध्ये ‘ग्विन’ झाले तेही याच नियमाने.

‘विंदोस्’ हे रूप मराठी वाचकाला अगदीच परके वाटू नये. त्याच्या मुळाशी इंडो-युरोपीय कुळातला ‘पाहणे’ या अर्थाचा धातू असावा, असे स्पष्टीकरण भाषाशास्त्रज्ञ देतात. दिसणारे म्हणून उजळ, उजळ म्हणून पांढरे, असा अर्थाचा प्रवास. हाच धातू संस्कृतात ‘विद्’ म्हणून येतो. त्यातून ‘वेद’ आणि ‘विद्या’ निघाले, आणि मध्ये अनुनासिक घेऊन ‘विंदति’, म्हणजे ‘तो शोधतो, मिळवतो’. गायी शोधून आणणारा तो ‘गोविंद’, ही या नावाची परंपरागत व्युत्पत्ती आपल्याला ठाऊक आहे. विंदा करंदीकरांचे मूळ नाव गोविंद. म्हणजे या धातूचे अनुनासिकासह रूप त्यांनी टोपणनावातही जपले. ब्रेतॉन ग्वेन्न आणि आपला गोविंद यांचा हा दूरचा संबंध कळायला एकोणिसावे शतक उजाडावे लागले. जिनीव्हाच्या अडॉल्फ पिक्ते यांनी १८३७ मध्ये केल्टिक भाषा आणि संस्कृत यांच्या नात्यावर एक ग्रंथ प्रसिद्ध केला. केल्टिक भाषा या कुळात मोडतात की नाहीत, हा प्रश्न तोवर वादाचा होता. पिक्ते आणि पाठोपाठ फ्रान्झ बोप यांच्या अभ्यासाने तो सुटला.

ग्वेन्नचा अर्थ नुसता रंगाचा नाही. वेल्शमध्ये सुखी माणसाविषयी बोलताना ‘त्याचे जग पांढरे’ असा वाक्प्रचार आहे. पांढरे म्हणजे निर्मळ, पवित्र, भाग्याचे. मराठीत मात्र ‘पांढऱ्या पायाची’ ही शिवी आहे आणि पांढरे कपाळ हे वैधव्याचे चिन्ह. तेव्हा ‘पांढरी’ असे सरळ भाषांतर केले तर नाव अशुभ वाटेल. ‘शुभ्रा’ म्हटले तर मूळ भावाच्या बरेच जवळ जाता येते.

आता दुसरा भाग, जिथे खरा वाद आहे. जुन्या ब्रेतॉनमध्ये ‘हाएल’ म्हणजे उदार, थोर मनाचा. वेल्शमध्ये हा शब्द आजही त्याच अर्थाने वापरात आहे. राजांच्या आणि सरदारांच्या नावांत तो हमखास येई. सातव्या शतकातला ब्रेतॉन राजा ज्युडिकाएल याच्या नावाचा शेवट हाच. त्यातल्या ‘ज्युड्’चा संबंध अभ्यासक आपल्या ‘युध्’ धातूशी लावतात. रदों गावी ८३२ मध्ये स्थापन झालेल्या मठाच्या दफ्तरात नवव्या शतकातली जमिनीची कागदपत्रे टिकून आहेत. त्यांतल्या साक्षीदारांच्या नावांत ‘हाएल’ पुन्हा पुन्हा भेटतो, आणि तोही ‘ह’सकट. पुढे उच्चारातून हा ‘ह’ गळाला आणि ‘आएल’ उरले. योगायोग असा, की लॅटिन ‘आंजेलुस’वरून आलेला, देवदूत या अर्थाचा ब्रेतॉन शब्दही ‘आएल’च आहे. त्यातच ‘राफाएल’, ‘गाब्रिएल’ ही देवदूतांची बायबलमधली नावे याच ध्वनीने संपतात. नाव ऐकणाऱ्याच्या मनात शुभ्र देवदूत उभा राहिला तो असा. व्युत्पत्तीच्या दृष्टीने ‘शुभ्र-उदार’ हाच अर्थ खरा. पण आईबाप मुलीचे नाव ठेवताना जो अर्थ मनात धरतात, त्यालाही काही हक्क आहे. म्हणून देवदूताला मी चूक म्हणत नाही. ती या नावाची दुसरी, नंतरची पायरी आहे.

हे नाव टिकले ते संतांमुळे. ब्रिटनीच्या पश्चिम टोकाला, खाडीकाठी, लांदेव्हेनेक येथे संत गेनोले यांचा मठ होता. व्रदिस्तान या तिथल्या मठाधिपतीने नवव्या शतकात गेनोलेंचे लॅटिन चरित्र लिहिले. ९१३ मध्ये व्हायकिंगांनी मठ उद्ध्वस्त केला, पण चरित्र वाचले. गेनोलेंच्या नावात ‘ग्वेन्न’ आहेच. त्यांच्या आईचे नावही ग्वेन्न, आणि लॅटिनमध्ये तिला ‘आल्बा’ म्हटले आहे. आल्बा म्हणजे पांढरी. म्हणजे मध्ययुगीन लेखकांनाही या शब्दाचा अर्थ नीट ठाऊक होता. तिची उपाधी ‘तेइरब्रोन’, तीन स्तनांची. तीन मुलगे झाले म्हणून देवाने तिला तिसरा स्तन दिला, अशी कथा. यातला ‘तेइर’ हा ‘तीन’चा स्त्रीलिंगी आकडा, संस्कृत ‘तिस्रः’चा सख्खा भाऊबंद. ब्रिएक गावाजवळच्या एका चॅपेलमध्ये या मातेची तीन मुलांसह जुनी मूर्ती आहे. गेनोलेंचा शिष्य आणि मठाचा दुसरा अधिपती म्हणजे ग्वेनाएल. लहानपणी कॅंपेर गावात खेळताना तो गेनोलेंच्या नजरेस पडला आणि त्यांच्यामागे निघाला, असे परंपरा सांगते. त्याचा सण ३ नोव्हेंबरला असतो. आई, मुलगा आणि शिष्य अशा तिघांच्या नावांत एकच पांढरा धागा आहे.

इथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. तो ग्वेनाएल पुरुष होता. मुलीचे नाव कसे झाले? वेल्शमध्ये या शब्दाचे लिंग पोटातल्या स्वरावरून कळते : पुरुष ‘ग्विन’, स्त्री ‘ग्वेन’. जुन्या स्त्रीलिंगी प्रत्ययातल्या ‘आ’ने जाता जाता आधीच्या ‘इ’चा ‘ए’ केला, त्याची ती खूण. ग्वेनाएलला स्त्रीरूप दिले ते मात्र फ्रेंच पद्धतीने. मिशेल किंवा गाब्रिएल या पुरुषनावांच्या शेवटी आणखी एक ‘एल’ आणि ‘ई’ ही अक्षरे जोडून जसे स्त्रीरूप लिहितात, तसेच याचेही केले. दोन्ही रूपांचा उच्चार एकच. फरक फक्त कागदावर दिसतो. देवनागरीत तर तोही दिसत नाही. म्हणजे नावाचे मूळ ब्रेतॉन आणि शेपूट फ्रेंच. ते फ्रेंच की केल्टिक, या प्रश्नाचे उत्तर त्याच्या लेखनातच आहे.

परंतु लिहू द्यायचे की नाही, हे ठरवणारा सरकारी अधिकारी होता. १५३२ मध्ये ब्रिटनी फ्रान्सच्या राज्यात सामील झाली. १५३९ च्या राजाज्ञेने कज्जे-करारांची भाषा फ्रेंच ठरवली आणि बाप्तिस्म्यांच्या नोंदी सक्तीच्या केल्या. क्रांतीने १७९२ मध्ये या नोंदी चर्चकडून काढून नगरपालिकेकडे दिल्या. प्रादेशिक बोली नाहीशा करून फ्रेंच सर्वत्र न्यावी, असा आबे ग्रेग्वार यांचा अहवाल १७९४ चा. क्रांतीच्या धामधुमीत लोक मुलांना वाटेल ती नावे देऊ लागले होते. त्यावर उपाय म्हणून नेपोलियनच्या राजवटीत, १ एप्रिल १८०३ रोजी, कायदा झाला : निरनिराळ्या पंचांगांतली नावे आणि प्राचीन इतिहासातल्या प्रसिद्ध व्यक्तींची नावे, एवढीच नोंदवता येतील. पंचांग कुठले, हे व्यवहारात नोंद करणारा कारकून ठरवी. रोमच्या यादीत नसलेला ब्रेतॉन संत पुष्कळदा त्याच्या लेखी संतच नसे.

हा कायदा दीडशे वर्षांहून अधिक काळ चालला. त्याच सुमारास शाळांत ब्रेतॉन बोलणाऱ्या मुलाच्या गळ्यात शिक्षा म्हणून लाकडी तुकडा किंवा जुना खडावा अडकवत. दुसरे कुणी ब्रेतॉन बोलताना सापडले की तो त्याच्या गळ्यात जाई. दुसऱ्या महायुद्धानंतर ब्रिटनीतल्या एका कुटुंबाने आपल्या मुलांना ब्रेतॉन नावेच द्यायची असे ठरवले. अधिकाऱ्याने त्यांतली अनेक नावे नाकारली. आईबाप हटले नाहीत. परिणामी ती मुले कागदोपत्री जन्मलीच नाहीत आणि कुटुंबाला मिळणारा सरकारी भत्ताही अडला. खटला वर्षानुवर्षे चालला. नाव हा हौसेचा विषय वाटतो. पण नोंद नाकारली की त्याच्याबरोबर माणसाचे नागरिकत्वच टांगणीला लागते, हे या प्रकरणाने फ्रान्सला दाखवले.

१२ एप्रिल १९६६ च्या सरकारी सूचनेने प्रादेशिक परंपरेतल्या नावांना वाट मोकळी झाली, आणि ८ जानेवारी १९९३ च्या कायद्याने निवड आईबापांच्या हाती आली. १९७२ मध्ये अलाँ स्तिव्हेलने पॅरिसच्या ओलिंपिया रंगमंदिरात ब्रेतॉन संगीताची मैफल गाजवली. १९७७ मध्ये ‘दिवान’ या ब्रेतॉन माध्यमाच्या शाळांची सुरुवात झाली. ग्वेनाएल हे मुलीचे नाव फ्रान्समध्ये सर्वाधिक ठेवले गेले ते याच, १९७० च्या दशकात. ज्यांच्या आजीआजोबांनी शाळेत तो खडावा गळ्यात वागवला, त्यांनी नातीला ब्रेतॉन नावाने हाक मारली.

मात्र भाषा त्या वेगाने परतली नाही. २०१८ च्या पाहणीनुसार ब्रेतॉन बोलणारे सुमारे २ लाख उरले होते. १९५० च्या आसपास ते १० लाखांच्या घरात होते. नावाच्या लेखनावरचा पहाराही पुरता उठलेला नाही. २०१७ मध्ये कॅंपेरला एका बाळाचे नाव ‘फान्च’ ठेवले. हे फ्रांस्वाचे ब्रेतॉन रूप. त्यातल्या ‘न’वर नागमोडी रेघ असते आणि ती सरकारने २०१४ मध्ये मान्य केलेल्या चिन्हांच्या यादीत नव्हती. कॅंपेरच्या न्यायालयाने ती नाकारली, रेनच्या अपील न्यायालयाने २०१८ मध्ये मान्य केली आणि २०१९ मध्ये सर्वोच्च पातळीवर ते प्रकरण संपले. ग्वेनाएलमधल्या ‘ई’ अक्षरावरही दोन टिंबे असतात. पण ‘नोएल’सारख्या फ्रेंच शब्दांतही ती असल्यामुळे यादीत होतीच, तिच्यासाठी कुणाला न्यायालयात जावे लागले नाही.

म्हणून या नावाचा अर्थ कुणी विचारला, तर मी ‘शुभ्र आणि उदार’ असे सांगतो, आणि लोक त्यात देवदूत पाहतात हेही सांगतो. एवढ्याने मात्र उत्तर पुरे होत नाही. हे नाव समुद्र ओलांडून आले, मठात जपले गेले, कचेरीत अडले आणि फ्रेंच शेपूट लावून पुन्हा दफ्तरात शिरले. ते आज ज्या मुलीचे आहे तिला कदाचित ब्रेतॉन येत नसेल. तरी तिच्या जन्मदाखल्यावर त्या भाषेचे दोन शब्द आहेत.